स्मृतिशिला आणि चिमणी: परिसर-अभ्यासाचे दोन पाठ



कोकणात व पश्चिम महाराष्ट्रात कित्येक गावी चावडीच्या भिंतीत, देवळाच्या ओवरीत अथवा शाळेच्या दर्शनी बाजूस एक लहानशी संगमरवरी शिळा बसविलेली आढळते. तिच्यावर चार-पाच ओळींचा मजकूर असतो. या गावातून १९१४ ते १९१९ च्या महायुद्धासाठी अमुक इतकी माणसे गेली आणि त्यांपैकी अमुक इतक्यांनी प्राण दिले, एवढाच त्याचा आशय. शिळा नित्य डोळ्यांसमोर असते. म्हणूनच की काय, ती कोणी वाचीत नाही.

काही वर्षांपूर्वी अशा एका गावातील शाळेत जाण्याचा योग आला. शिळेवरील चुन्याचा थर ओल्या फडक्याने पुसल्यावर मुलांनी अक्षरे लावली. चौथीतील एका मुलीने लगेच विचारले, ‘गुरुजी, त्यांची नावे काय होती?’ गुरुजींस ते सांगता येईना, मलाही येईना, आणि जवळ उभ्या असलेल्या वयोवृद्ध ग्रामस्थांसही येईना. पडवीच्या वाशांवर त्या वेळी चिमण्यांची किलबिल चालली होती. विषय बदलावा म्हणून मी मुलांस विचारले, ‘आपल्या शाळेत चिमण्या किती राहतात?’ एकाने सांगितले पुष्कळ, दुसऱ्याने दहा, तिसऱ्याने शंभर.

परतताना हा प्रसंग मनात घोळत राहिला. शिळेवरील माणसांचा आकडा होता, पण नावे नव्हती. चिमणीचे नाव लहानथोर सर्वांस ठाऊक होते, पण आकडा कोणासच नव्हता. जवळच्या वस्तूंविषयीचे आपले ज्ञान असे अर्धेच असते. उरलेले अर्धे मिळविण्याचे काम शाळेला सहज करता येण्याजोगे आहे, आणि ते लवकर करणे अगत्याचे आहे. त्यासाठी शिक्षकास कोणती माहिती हवी व काम कसे चालवावे, हे या लेखात सांगावयाचे आहे.

शिळा काय सांगते

प्रथम शिळेवरील शब्दांचा अर्थ नीट पाहू. युद्ध १९१८ साली संपले असता शिळेवर १९१९ का, असा प्रश्न चौकस मुले विचारतात. ११ नोव्हेंबर १९१८ रोजी जर्मनीशी युद्धविराम झाला. तहावर मात्र २८ जून १९१९ रोजी व्हर्साय येथे सह्या झाल्या. म्हणून त्या काळच्या अनेक लेखांत १९१९ हे वर्ष येते.

‘माणसे गेली’ याचा अर्थ सर्व जण बंदूकधारी शिपाई होते असा नव्हे. लष्कराबरोबर खेचरे हाकणारे, पखालीने पाणी पुरविणारे, स्वयंपाकी, डोली वाहणारे आणि रस्ते व लोहमार्ग बांधणारे मजूरही समुद्रापार गेले. हिंदुस्थानातून असे सर्व मिळून तेरा लाखांवर लोक या युद्धासाठी गेले व सत्तर हजारांहून अधिक परत आले नाहीत. ‘प्राण दिले’ याचाही अर्थ सर्व जण गोळी लागून पडले असा नव्हे. मेसोपोटेमियाच्या, म्हणजे आजच्या इराकच्या, मोहिमेत उष्मा, पटकी, हगवण आणि अपुऱ्या अन्नामुळे होणारे विकार यांनी फार माणसे नेली.

शिळा काय सांगत नाही, हेही मुलांच्या ध्यानी आणून द्यावे. ती नावे सांगत नाही, पलटण सांगत नाही, रणभूमी सांगत नाही. जे पांगळे होऊन परतले त्यांचा वेगळा आकडा देत नाही. तसेच ती जातही सांगत नाही. मराठा पलटणींत मराठे व कोकणातील कुणबी गेले. महार समाजातील तरुणांसाठी १९१७ साली १११ क्रमांकाची महार पलटण उभारण्यात आली व युद्धानंतर ती मोडण्यात आली. इतर समाजांतील माणसेही निरनिराळ्या पथकांतून गेली. म्हणून माहिती विचारावयाची ती गावठाणाबरोबर प्रत्येक वाडीत व प्रत्येक वस्तीत विचारावी. शिळेवरचा आकडा साऱ्या गावाचा आहे. तो कोणा एका आळीचा मान म्हणून दाखविला जाऊ नये.

पलटणीचे स्मारक

गावाने माणसे मोजली. पलटणीने लढाया लक्षात ठेवल्या. या दोन स्मृती एकमेकींस जोडल्या म्हणजे गावची शिळा बोलू लागते.

मराठा पलटणींचा इतिहास १७६८ पर्यंत मागे जातो. १९१४ साली मराठ्यांच्या सहा पलटणी होत्या. त्यांचे क्रमांक १०३, १०५, ११०, ११४, ११६ व ११७ असे होते. यांपैकी १०३, ११० व ११७ या तीन पलटणी ज्या सहाव्या डिव्हिजनमध्ये होत्या, तिचे नावच ‘पुणे डिव्हिजन’ असे होते. ही डिव्हिजन बसऱ्याहून तैग्रिस नदीच्या काठाने बगदादच्या रोखाने गेली. परंतु पुढे तिला मागे हटावे लागले आणि कूत-अल-अमारा या गावी ती तुर्की फौजेच्या वेढ्यात सापडली. ७ डिसेंबर १९१५ रोजी सुरू झालेला हा वेढा जवळजवळ पाच महिने चालला. धान्य संपत आले, ओझ्याची जनावरे मारून खाण्याची पाळी आली, आणि २९ एप्रिल १९१६ रोजी सुमारे तेरा हजार माणसे शरण गेली. यांत बहुसंख्य हिंदी होते. कैद्यांस वाळवंटातून पायी नेण्यात आले; कित्येक वाटेत व कित्येक कैदेत वारले. एखाद्या घरच्या आठवणीत ‘बसरा’ एवढा एकच शब्द उरला असेल, तर त्यामागे ही कथा असण्याचा संभव असतो.

याच मोहिमेच्या अखेरीस, ऑक्टोबर १९१८ मध्ये, इराकच्या उत्तर भागातील शरकत येथे ११४ क्रमांकाच्या पलटणीने मोठा पराक्रम केला. एका लढाईबद्दल त्या पलटणीस २८ शौर्यपदके मिळाली. १९२२ साली सैन्याची पुनर्रचना झाली तेव्हा मराठा पलटणी एका रेजिमेंटमध्ये आल्या व तिचे केंद्र बेळगाव येथे आले. आजही मराठा लाइट इन्फंट्रीचे केंद्र तेथेच आहे, आणि तेथील युद्धस्मारकास शरकतचे नाव आहे. नव्या शिपायांच्या पिढ्यांस हे नाव ठाऊक असते. परंतु त्या लढाईत जे पडले असतील त्यांच्या गावच्या शाळेत ते बहुधा कोणी ऐकलेले नसते. बेळगावचे स्मारक आणि गावची शिळा ही एकाच घटनेची दोन टोके आहेत, हे मुलांस नकाशावर दाखवावे. आपले गाव, मुंबई बंदर, बसरा, कूत, शरकत अशी रेघ काढली की इतिहास व भूगोल एकाच तासात येतात.

आकड्यामागील नावे

नावे शिळेवर का नाहीत, हा प्रश्न एकट्या आपल्या गावचा नाही. इराकमध्ये मरण पावलेल्या व ज्यांची थडगी ज्ञात नाहीत अशा चाळीस हजारांहून अधिक सैनिकांसाठी १९२९ साली बसरा येथे स्मारक उभे राहिले. त्यावर ब्रिटिशांची नावे कोरली गेली. हिंदी सामान्य शिपायांचा मात्र पलटणवार आकडा कोरला गेला. हे स्मारक ज्या संस्थेने उभारले, ती आज राष्ट्रकुल युद्धसमाधी आयोग म्हणून ओळखली जाते. या आयोगाने २०२१ साली आपल्याच कारभाराची चौकशी करून अहवाल प्रसिद्ध केला. आशिया व आफ्रिकेतील मृतांच्या बाबतीत समानतेचे तत्त्व पाळले गेले नाही, हे त्यात मान्य करून क्षमा मागण्यात आली. मुलीने विचारलेला प्रश्न, शंभर वर्षांनी का होईना, जगाने मान्य केला असे म्हणावयास हरकत नाही.

आता नावे शोधावयाची कशी? त्याचे तीन मार्ग आहेत.

पहिला मार्ग नोंदींचा. आयोगाची मृतांची सूची आता इंटरनेटवर पाहता येते. हिंदी शिपायांच्या पुष्कळ नोंदींत नाव, हुद्दा, पलटण व मृत्युदिनांक यांबरोबर पित्याचे नाव, गाव, तालुका व जिल्हाही दिलेला असतो. गावाच्या नावावरून शोध घ्यावा. त्या काळचे इंग्रजी वर्णलेखन एकसारखे नसल्यामुळे एकच गाव चार प्रकारांनी लिहिलेले सापडते. म्हणून नाव मोठ्याने उच्चारून पाहावे व ताडून घ्यावे. त्याच नावाचे दुसरे गाव अन्य तालुक्यात असल्यास घाई करू नये.

दुसरा मार्ग पदकांचा. पहिल्या महायुद्धाचे पदक गोल असून त्याच्या कडेवर बारीक अक्षरांत शिपायाचा क्रमांक, हुद्दा, नाव व पलटण कोरलेली असते. घरच्या मंडळींचे लक्ष पदकाच्या दर्शनी बाजूवरील राजाच्या मुखाकडे जाते. कड कोणी पाहत नाही. भिंग घेऊन कड वाचली की जी माहिती घरात कोणास नसते ती हाती येते. मृताच्या वारसास तळहाताएवढे काशाचे एक गोल स्मृतिपदकही मिळत असे. त्यावर मृताचे नाव उठावदार अक्षरांत असते. अशी वस्तू शाळेत मागवून ठेवू नये. मालकाच्या घरी, त्याच्यासमोर पाहावी, छायाचित्र घ्यावे, मजकूर उतरून घ्यावा व परत द्यावी. ती घासून लखलखीत करण्याचा मोह टाळावा. घासल्याने अक्षरे झिजतात.

तिसरा मार्ग माणसांचा. जे गेले त्यांची मुले आज हयात सापडणे कठीण. नातवंडे सत्तरी-ऐंशीच्या घरात आहेत. त्यांच्याजवळ एखादी आठवण, जुने पत्र किंवा पेन्शनचा कागद असतो. हे सांगणारी ही शेवटची पिढी होय. या कामात जी निकड आहे ती येथे आहे.

आपल्या घरातील चिमणी

आता पडवीकडे वळू. चिमणीवर निबंध न लिहिलेला विद्यार्थी विरळा; परंतु निबंधातील वाक्ये बहुधा पुस्तकातील असतात, पाहिलेली नसतात.

चिमणी हा माणसाच्या शेतीबरोबर जगभर पसरलेला पक्षी आहे. पश्चिम आशियात माणूस धान्य पेरू लागला, खळी व कोठारे आली, तेव्हापासून तिने माणसाचा शेजार धरला असे शास्त्रज्ञ मानतात. २०१८ साली प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात माणसाजवळ राहणारी चिमणी व तिचीच माणसापासून दूर राहणारी मध्य आशियातील जात यांची तुलना करण्यात आली. कवटीची ठेवण व पिष्टमय अन्नाचे पचन यांच्याशी संबंधित जनुकांत फरक आढळला. म्हणजे आपल्या खळ्यावरचे कठीण दाणे फोडण्यास व पचविण्यास ती पिढ्यान्‌पिढ्या योग्य होत गेली.

नराच्या गळ्यावर काळा डाग, डोक्यावर राखी रंग व त्याच्या दोन्ही बाजूंस तपकिरी पट्टा असतो. मादी एकंदरीत भुरकट. ही चिमणी झाडाच्या फांदीवर क्वचितच घरटे करते. तिला भोक, फट किंवा वळचण लागते. कौलांखालील सांदी, वासा व भिंत यांमधील जागा, भिंतीवरील तसबिरीची मागची बाजू या तिच्या आवडीच्या जागा होत. मादी तीन ते पाच अंडी घालते, सुमारे दोन आठवड्यांत पिले बाहेर येतात व आणखी सुमारे दोन आठवड्यांत उडून जातात. वर्षातून दोन-तीन वेळा वीण होऊ शकते.

शिक्षकांनी विशेष लक्षात घ्यावयाची गोष्ट पिलांच्या अन्नाची आहे. मोठी चिमणी दाणे खाते; पण पिलांस पहिल्या दिवसांत अळ्या व किडे लागतात. घरट्याकडे परतणाऱ्या मादीच्या चोचीत काय आहे हे मुलांनी पाहिले की ही गोष्ट सांगावी लागत नाही. चीनमध्ये १९५८ साली, चिमण्या धान्य खातात म्हणून, त्यांचा देशभर संहार करण्यात आला. पुढे पिकांवर किडींचा उपद्रव वाढल्याचे दिसून आले व १९६० साली नाशयोग्य प्राण्यांच्या यादीतून चिमणीचे नाव काढावे लागले. ती दाणे किती खाते हे मोजले होते, अळ्या किती खाते हे मोजले नव्हते.

जवळून पाहण्याचे मोल काय, हे डॉ. सालिम अली यांच्या चरित्रावरून सांगता येईल. मुंबईत बालपणी त्यांनी छर्‍याच्या बंदुकीने मारलेल्या एका चिमणीच्या गळ्यावर पिवळा ठिपका दिसला. ही नेहमीची चिमणी नव्हे, हे त्या मुलाच्या ध्यानात आले. ओळख पटविण्यासाठी तो बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीत गेला. ती पीतकंठी रानचिमणी निघाली, आणि त्या भेटीतून देशाला थोर पक्षिशास्त्रज्ञ मिळाला. ‘चिमणीच ती’ असे म्हणून तो मुलगा पुढे गेला असता, तर गोष्ट तेथेच संपली असती.

ऐकीव व पाहिलेले

‘चिमण्या नाहीशा झाल्या’, ‘मोबाइलच्या मनोऱ्यांनी चिमण्या मेल्या’ अशी विधाने मुले घरून ऐकून येतात. पक्षिनिरीक्षकांच्या हजारो नोंदींवरून २०२० साली तयार झालेल्या भारतातील पक्ष्यांच्या स्थितीविषयक अहवालात असे दिसले की देशभरात एकंदर चिमण्यांची संख्या पंचवीस वर्षांत साधारण स्थिर राहिली. मोठ्या महानगरांत मात्र ती घटत गेली. मनोऱ्यांमुळे चिमण्या मरतात याला ठोस पुरावा मिळालेला नाही. घरटी करण्यास फटी न उरणे व पिलांसाठी किडे न मिळणे ही कारणे अधिक संभाव्य मानली जातात. आपल्या गावात काय घडत आहे, हे मात्र कोणताही अहवाल सांगू शकत नाही. ते गावातच मोजावे लागते.

शिळेच्या बाबतीतही हाच नियम लागू करावा. घरोघर ऐकलेली प्रत्येक शौर्यकथा खरी धरू नये व खोटीही ठरवू नये. ‘असे सांगतात’ व ‘असे लिहिलेले आहे’ हे दोन रकाने वेगळे ठेवावेत. मुलास हा भेद चौथीत कळला, तर तो त्यास जन्मभर पुरेल.

काम कसे चालवावे

१. एक जाड वही घ्यावी. पुढून शिळेची नोंद लिहावी, मागून चिमणीची. वही शाळेच्या दप्तरी राहील, कोणा एकाच्या घरी नव्हे.

२. शिळेवरील मजकूर जसाच्या तसा, ओळीस ओळ, उतरून घ्यावा. पुसट अक्षर अंदाजाने भरू नये. तेथे टिंब द्यावे.

३. शिळा साध्या पाण्याने व मऊ फडक्याने पुसावी. आम्ल, तारेचा घासा किंवा अक्षरांत तैलरंग भरणे कटाक्षाने टाळावे. शाळेची रंगरंगोटी होईल तेव्हा शिळेवर कागद लावून ती झाकण्यास सांगावे.

४. सापडलेले प्रत्येक नाव वहीत लिहून त्यापुढे ते कोठून मिळाले ते लिहावे. शिळेवरील आकडा व सापडलेली नावे यांचा मेळ बसला नाही, तर तो बसवू नये.

५. चिमण्यांची मोजणी आठवड्यातून एकदा, ठरलेल्या वारी, सकाळी, एकाच जागी उभे राहून वीस मिनिटे करावी. तीच चिमणी पुनःपुन्हा येते. म्हणून बेरीज करू नये. एका वेळी एकत्र दिसलेली सर्वांत मोठी संख्या तेवढी लिहावी. एकही न दिसल्यास शून्य लिहावे. शून्य हीदेखील नोंदच आहे.

६. घरट्यास हात लावू नये. माणसाचा वास लागला म्हणून आई पिलास टाकते ही समजूत खरी नाही. परंतु वारंवारच्या उपद्रवाने पक्षी घरटे सोडण्याचा संभव असतो. दुरून पाहावे आणि गवत, कापूस, अळी असे काय नेले ते लिहावे.

७. शिळेजवळच्या भिंतीची डागडुजी करावयाची असून फटीत घरटे असेल, तर पिले उडून जाईपर्यंत काम थांबवावे. दोन आठवड्यांचा प्रश्न असतो.

हे काम मोठे नाही आणि त्यास खर्चही नाही. मात्र त्यास मुदत आहे. गावोगाव जुनी मातीची, कौलारू घरे उतरवून सिमेंटची घरे बांधली जात आहेत. पक्के घर मिळाले याचा आनंदच मानावा. परंतु जुने घर उतरविले जाते त्या दिवशी माळ्यावरची ती पत्र्याची पेटी, जीत आजोबांचे पदक व कागद असतात, भंगारात जाण्याचा संभव असतो. आणि त्याच दिवशी वळचणीची चिमणीही जागा गमावते. असे घर उतरणार असल्याचे मुलांकडून कळेल, तेव्हा शिक्षकांनी एकदा जाऊन यावे. पेटी उघडून पाहण्याची विनंती करावी आणि नव्या भिंतीत, छपराखाली, एक वीट रिकामी ठेवण्यास सांगावे. बहुतेक मंडळी दोन्ही गोष्टींस हरकत घेत नाहीत. त्यांस कोणी विचारलेले नसते, एवढेच.

पुढील वर्षी ती मुलगी, किंवा तिच्यासारखी दुसरी कोणी, शिळेसमोर उभी राहून नावे विचारील. त्या वेळी वहीत निदान एक नाव लिहिलेले असावे.